वेसलिंकसाहेबांची निधनवार्ता

१

मंगळवारी सकाळी पावणेआठ वाजता एव्हर्ट वेसलिंक आपल्या स्वयंपाकघरात लोणी लावलेल्या पावावर चॉकलेटचे दाणे भुरभुरत बसले होते, आणि त्याच वेळी निम्मा प्रांत पेपरात त्यांची निधनवार्ता वाचत होता.

पान अठरा, डावीकडे वर. काळी चौकट आणि आत एवढंच :

एव्हर्ट वेसलिंक
जन्म २ मे १९४५
तुझं नाव तुला परत.
अखेरचा निरोप : शुक्रवार, २ मे, सकाळी अकरा वाजता,
वेस्टरमेर गावच्या चर्चचं आवार

ही चौकट छापायला सोडली होती नेलेके पोस्तमाने. वय एकसष्ट, आणि त्यातली चौतीस वर्षं पेपरच्या तळमजल्यावर लोकांची जन्म, लग्न आणि मरणं लावण्यात गेलेली. तिचा नियम साधा होता. निधनवार्ता आली की आधी फोन करायचा, खात्री करायची, मगच पान लावायचं. चौतीस वर्षांत तिने हा नियम एकदाच मोडला आणि नेमका तिथेच पाय घसरला.

पण वेसलिंकसाहेबांच्या मरणाची खात्री करायचं कुणाला सुचतं? त्यांची एकशे चाळीस दुकानं. दर शनिवारी टीव्हीवर गोल टेबलाभोवती बसून राजकारण्यांच्या टोप्या उडवणारे हे आजोबा, पेपरवाले त्यांना ‘देशाचा वाणी’ म्हणत. गेल्या शनिवारी ते वीस वर्षांत पहिल्यांदा कार्यक्रमाला आले नाहीत. तापाने आजारी, असं सांगितलं गेलं. सोमवारी टपालाने टाइप केलेला कागद आला, छपाईचे पैसे पाकिटातच. नेलेकेने तो वाचला आणि तिला खरंच वाईट वाटलं. वरच्या मजल्यावर, वार्ताहरांकडे, बातमी पोचली असेलच असं ती धरून चालली, आणि वरच्यांनी पान अठरा उघडलंच नाही.

आता संपादक तिच्या टेबलापाशी उभे होते. चेहरा पांढराफटक.

“नेलेके, माणूस जिवंत आहे.”

“देवाची कृपा,” ती म्हणाली. मग तिचं लक्ष पुन्हा चौकटीकडे गेलं. “पण मग शुक्रवारी अकरा वाजता काय आहे?”

तेवढ्यात तिचा फोन वाजला.

“मी एव्हर्ट वेसलिंक बोलतोय,” पलीकडून तो घरोघरी ओळखीचा, खर्जातला आवाज आला. “तुम्ही मारलेला. तासाभरात माझ्याकडे या, बाई. एकट्याच.”

२

घर कालव्याकाठी होतं, पडदे सताड उघडे, रस्त्यावरून जाणाऱ्याला आतलं टेबल दिसावं असे. दुसरा कुणी असता तर त्या दिवशी तरी पडदे ओढून घेतले असते.

वेसलिंकसाहेब खिडकीतच बसले होते. तापाची खूण नव्हती, पण डोळ्यांखाली काळं आलं होतं. शेजारी दोघे जण : मुलगा रुटगर, बावन्न वर्षांचा, उंच आणि कायम घाईत, आणि प्रसिद्धीचा सल्लागार फ्लोरिस बोन्टेकू, ज्याच्या दोन्ही हातांत दोन फोन होते.

नेलेकेने माफी मागायला तोंड उघडलं, पण साहेबांनी हाताने थांबवलं.

“एकच सांगा. ती तारीख कागदावर होती, की तुमच्या हातून चुकून पडली?”

“कुठली तारीख?”

“जन्माची. दोन मे.”

“कागदावर होती.”

साहेबांनी मान हलवली आणि बराच वेळ बाहेर पाण्याकडे पाहिलं. नेलेकेला ते विचित्र वाटलं, पण तेव्हा तिला स्वतःच्याच चुकीची लाज इतकी होती की ती त्या प्रश्नापाशी थांबली नाही.

“माझा जन्म पाच मेचा, हे शाळेतल्या पोरांनाही माहीत आहे,” साहेब म्हणाले. “महायुद्ध संपून देश सुटला त्या दिवशीचा. सोमवारी मला ऐंशी पुरी होतात. वेस्टरमेरचं आमचं जुनं दुकान दुरुस्त करून तिथून थेट प्रक्षेपण आहे. ते होईपर्यंत मला पोलीस नकोत, बोभाटा नको. कागद तुमच्याकडे आला. कुणी पाठवला ते तुम्ही शोधायचं.”

“मी काय पोलीस आहे?”

“चौतीस वर्षं लोकांची मरणं वाचताय. पोलीस काय वाचतात?”

रुटगर हसला. त्याच्या हसण्यात काही गंमत नव्हती. “बाबा, शुक्रवारी कुणी तरी तुमच्या जिवावर उठलंय आणि तुम्ही जाहिरात खात्यातल्या काकूंना कामाला लावताय.”

“तू गप रे. तुला खुर्ची लवकर मिळेल म्हणून तुझ्याच मनात लाडू फुटत असतील.”

बापलेकांत हे नेहमीचं असावं, कारण फ्लोरिसने मान वर केली नाही.

बाहेर सोडायला आल्यावर रुटगर दारातच थांबला. “तुम्हालाही तेच वाटतंय ना? मी केलं म्हणून?”

“तुम्ही केलं नाहीत,” नेलेके म्हणाली.

“कशावरून?”

“तुमच्या वडिलांना राजाकडून मानचिन्ह मिळालंय. घरच्यांनी दिलेल्या निधनवार्तेत ते नावाखाली पहिल्या ओळीत येतं. लोक नातवंडांची नावं विसरतात, मानचिन्ह विसरत नाहीत. या चौकटीत ना मानचिन्ह, ना मुलं, ना कंपनी. ज्याने हे लिहिलं त्याच्या लेखी यातलं काहीच नव्हतं.”

रुटगर जरा सैलावला. मग हळू आवाजात म्हणाला, “आणखी एक आहे. बाबांनी सांगू नका म्हटलंय. जुन्या दुकानात, मागच्या कोठीत, गेल्या आठवड्यात कुणी तरी फरशा उचकटल्या. चारच. चोरीला काही गेलं नाही. फक्त खाली एक खड्डा होता आणि तो रिकामा होता.”

३

बुधवारी नेलेके फ्लोरिस बोन्टेकूच्या कचेरीत गेली. भिंतभर साहेबच साहेब : मंत्र्यांबरोबर, सायकलपटूंबरोबर, एका गाईबरोबर. मधोमध तो फोटो, जो देशातल्या प्रत्येक स्वयंपाकघरात आहे, कारण तो वेसलिंकच्या कागदी पिशवीवर छापलेला असतो. आठ मे १९४५. दुकानाच्या दारात थोरले वेसलिंक, पांढरा अ‍ॅप्रन, मागे हसणारे कॅनडाचे सैनिक. त्यांच्या हातावर तीन दिवसांचा एव्हर्ट, मान ताठ करून थेट कॅमेऱ्याकडे बघणारा. खाली दुकानाचं वाक्य : ‘वेसलिंककडून कुणी रिकाम्या हाताने जात नाही.’

“तुम्हीच केलंत का हे?” नेलेकेने सरळ विचारलं. “प्रसिद्धीसाठी?”

“मी असतो तर पहिल्या पानावर केलं असतं!” फ्लोरिस उसळला. “आणि तारीख बरोबर घातली असती. बाई, हा माणूस म्हणजे पाच मे आहे. तो दिवस काढा, मग उरतो एक श्रीमंत दुकानदार. असे छप्पन्न आहेत.”

“तारीख खरीच पाच आहे?”

त्याने खण उघडून नगरपालिकेच्या नोंदीची प्रत पुढे टाकली. “मी स्वतः जाऊन आणली. नोंद पाच मेची, वडिलांची सही. शाळा, लष्कर, लग्न, सगळीकडे पाच. दोन मे जगातल्या एकाही कागदावर नाही.”

नेलेके प्रत बघत राहिली. कुणी चुकून लिहिलं म्हणावं, तर ज्याने बाकी सगळं इतकं नेमकं टाइप केलं तो दोनदा तीच चूक करेल? जन्म दोन मे, निरोपही दोन मे. ती तारीख कुणाला तरी पक्की ठाऊक होती. कागदावर नसेल, तर ती कुणाच्या तरी डोक्यात होती.

“त्या वेळी घरात असलेलं कुणी आज हयात आहे?”

“एक बहीण आहे. हर्मीन. अठ्ठ्याऐंशीची. वेस्टरमेरलाच राहते.” फ्लोरिसने आवाज खाली आणला. “साहेब तिच्या घरी जात नाहीत. चाळीसेक वर्षं झाली. नाताळला टोपली पाठवतात, फोन करतात, पण उंबरठा ओलांडत नाहीत. भांडण म्हणावं तर भांडणही नाही. मी एकदा विचारलं, तर आठवडाभर माझ्याशी बोलले नाहीत.”

निघताना तिची नजर पुन्हा फोटोवर गेली. काही तरी खटकत होतं. आयुष्यभर रोज भाजी ज्या पिशवीतून आणली, तिच्याकडे ती पहिल्यांदाच बघत होती, असं तिला वाटलं.

तेवढ्यात फ्लोरिसचा फोन वाजला. त्याने ऐकलं आणि तो खुर्चीत बसला.

“वेस्टरमेरहून,” तो म्हणाला. “चर्चच्या आवारात कुणी तरी कबर खणून ठेवलीय.”

४

कबर म्हणण्याजोगी ती नव्हती. हातभर लांब, हातभर रुंद, आणि गुडघ्याइतकी खोल. थोरल्या वेसलिंक पतिपत्नीच्या दगडाला लागून, गवताचा तुकडा सुरीने केक कापावा तसा नीट उचलून बाजूला ठेवलेला.

रुटगर आधीच पोचला होता. “अस्थिकलशासाठी,” तो पुटपुटला. त्याची पाचावर धारण बसली होती. “बाबांना जाळून कलश इथे ठेवायचा बेत आहे कुणाचा तरी. शुक्रवारी फाटकावर दोन पहारेकरी उभे करतो मी.”

“तुमच्या वडिलांनी टीव्हीवर सांगितलंय की त्यांना दहन नको, दफन हवं,” नेलेके म्हणाली. “अख्ख्या देशाने ऐकलंय.”

“मग हे काय?”

नेलेके आवाराची देखभाल करणाऱ्या म्हाताऱ्याकडे वळली. टूनिस त्याचं नाव, पाठीतून वाकलेला, पायांत लाकडी बूट.

“कुणी खणलं, आजोबा?”

“मला काय माहीत? मी झोपलो होतो.”

“गवत फार सुबक कापलंय.”

“असेल.”

“कामाची सवय असलेल्या हाताने.”

टूनिसने टोपी काढली, डोकं खाजवलं, टोपी घातली. “बाई, तुमच्या पेपरात आलंय ना, शुक्रवारी अकराला? मग शुक्रवारी अकराला या. माणसाने वेळेआधी कुठे जाऊ नये, दुसऱ्याच्या मयताला तर नाहीच.”

त्याच्या आवाजात धमकी नव्हती, पण नेलेके जागीच थबकली. कारण तो ‘मयत’ म्हणाला होता, आणि तो थट्टा करत नव्हता. त्याच्या दृष्टीने शुक्रवारी खरोखरच कुणाला तरी पुरायचं होतं.

५

हर्मीन वेसलिंकचं घर विटांचं, बुटकं, खिडकीत जिरेनियमच्या दोन कुंड्या. दार उघडलं ते काठी टेकत, पण नजर कशी सुईसारखी.

“वाटलंच होतं कुणी तरी येईल. बूट पुसा.”

कॉफी आली. बरोबर डब्यातून एक बिस्कीट, आणि इथल्या रीतीप्रमाणे डब्याचं झाकण लगेच बंद. नेलेकेला बरं वाटलं. निदान एवढं तरी जगात जागेवर होतं.

“तुमचे भाऊ घाबरलेत,” तिने सुरुवात केली.

“एव्हर्ट? एव्हर्ट कशाला घाबरेल?”

“शुक्रवारी कुणी तरी त्यांच्या जिवाला अपाय करेल म्हणून.”

म्हातारीने कप खाली ठेवला. “त्याला कुणी काही करणार नाही.”

“तुम्हाला कसं ठाऊक?”

“सोमवारी तो टीव्हीवर बोलणार,” हर्मीन म्हणाली, प्रश्न ऐकलाच नाही अशी. “त्या कोठीत उभा राहून. आईने मला तिथे जन्म दिला आणि बाहेर देश सुटला, असं. तिथे काचेची फरशी बसवणार होते. खाली दिवे. सगळं खणून काढणार होते मेले.”

नेलेकेने विचारलं, “तुमचं शौचालय कुठे आहे?”

जिन्याखालची अरुंद खोली. दार लावल्यावर, बसलेल्या माणसाच्या बरोबर डोळ्यांसमोर, या देशात प्रत्येक घरी असते तिथेच, वाढदिवसांची दिनदर्शिका टांगलेली होती. साल नसलेली, वर्षानुवर्षं चालणारी. आत्या, मामा, शेजारी, सगळ्यांचे दिवस बारीक अक्षरांत. जे गेले त्यांच्या नावापुढे छोटा क्रूस आणि साल. नाव मात्र कुणी खोडत नाही. तेवढा मान राहतो.

पान एप्रिलचं होतं. नेलेकेने ते उलटलं.

पाच मेला लिहिलं होतं : एव्हर्ट.

आणि दोन मेलाही लिहिलं होतं : एव्हर्ट. शाई जुनी, निळसर पडलेली. पुढे क्रूस. पुढे १९४५.

६

ती परत आली तेव्हा हर्मीनने दुसऱ्यांदा कॉफी ओतून ठेवली होती. दुसरा कप मिळाला की निघायचं असतं, हे दोघींनाही ठाऊक होतं. नेलेके बसली.

“तो फोटो,” ती म्हणाली. “माझी दोन मुलं, चार नातवंडं. तीन दिवसांच्या पोराची मान कुणी ना कुणी धरावी लागते. पिशवीवरचं पोर मान ताठ करून बघतंय. ते तीन दिवसांचं नाही, तीन महिन्यांचं आहे. ऐंशी वर्षं अख्खा देश ते बघतोय आणि कुणाला दिसलं नाही.”

हर्मीनने कप तिच्यापुढे सरकवला.

“कोठीतला खड्डा रिकामा होता, म्हणजे त्यातून काही तरी बाहेर काढलं गेलं. चर्चच्या आवारातला खड्डा रिकामा आहे, म्हणजे त्यात काही तरी जायचं आहे. दोन्ही लहान. टूनिसने दोन्हीकडे फावडं चालवलं, कारण तुमच्यासाठी तेवढं करेल असा गावात तोच उरलाय. आणि दोन मे ही तारीख जगात एकाच जागी लिहिलेली आहे. तुमच्या जिन्याखाली.” तिने पिशवीतून पेपर काढून टेबलावर ठेवला. “ती निधनवार्ता खोटी नव्हती. फक्त ऐंशी वर्षं उशिरा आली.”

“लोकांना वाटलं माझा भाऊ मरणार,” म्हातारी हळूच म्हणाली. “माझा भाऊ मेलेलाच आहे, बाई.”

मग ती बोलत गेली, डोळे कपावर. दोन मेला एव्हर्ट झाला. युद्धाच्या त्या शेवटच्या हिवाळ्यात सगळेच उपाशी, आई म्हणजे हाडं. पोर दोन दिवस जगलं. नोंद करायला बाप गेलाच नव्हता. त्याने त्याला बिस्किटांच्या पत्र्याच्या डब्यात ठेवलं आणि कोठीच्या फरशीखाली पुरलं. “दिवा मी धरला होता. मी आठ वर्षांची. बाप म्हणाला, तोंडातून शब्द काढलास तर बघ. आणि दुसऱ्या दिवशी पाळण्यात पोर होतं. जड, गुबगुबीत नाही पण मोठं. आई त्याला पाजत होती. बाप नगरपालिकेत जाऊन एव्हर्टचं नाव त्याला लावून आला.”

“ते पोर कुणाचं?”

हर्मीनने मान हलवली. “ते त्याला सांगीन. आधी तुम्हाला नाही.”

“तुम्ही इतकी वर्षं...”

“मी एव्हर्टवर माया केली. या एव्हर्टवर. त्याचं नाक पुसलं, त्याला सायकल शिकवली. पण दुसऱ्याचं नाव कुठे तरी लिहिलेलं असावं ना? एका जागी तरी? मग लिहिलं. लहानपणापासून प्रत्येक नव्या दिनदर्शिकेत उतरवत आले.” तिने चमचा कपात फिरवला. “पूर्वी दर रविवारी यायचा तो. एकदा आला, कॉफी अर्धी प्याला, उठला, परत आला तो कोट घालूनच. पुन्हा पाऊल टाकलं नाही. सत्त्याऐंशी सालचा मे महिना. माझं काय चुकलं, ते मला अजून कळलेलं नाही.”

नेलेकेने कप खाली ठेवला. कॉफी सोडून माणूस मधेच उठतो तो कुठे जातो? जिन्याखाली. आणि बसलं की समोर काय असतं?

आता तिला तो मंगळवारचा प्रश्न आठवला. स्वतःची निधनवार्ता वाचून माणूस विचारतो, कुणी केलं, का केलं. साहेबांनी पहिल्यांदा विचारलं होतं ते तारखेचं.

त्यांना माहीत होतं. अडतीस वर्षं माहीत होतं. मग तिला कामाला लावलं ते कशासाठी? शोधायला, की म्हातारीचं तोंड बंद करायला?

७

शुक्रवारी आभाळ खाली आलं होतं. फाटकावर रुटगरचे दोन पहारेकरी. आत दगडाशेजारी हर्मीन खुर्चीवर, मांडीवर शालीत गुंडाळलेला पत्र्याचा डबा. टूनिस टोपी हातात घेऊन उभा. नेलेके जरा दूर.

अकराला पाच कमी असताना साहेब आले. गाडी नाही, ड्रायव्हर नाही, जुन्या सायकलवरून. पहारेकऱ्यांना त्यांनी हातानेच जायला सांगितलं.

नेलेके आडवी गेली. “साहेब, तुम्ही त्यांना काही बोलणार असाल तर आधी मला बोला. हे कुणी केलं ते तुम्हाला मंगळवारीच कळलं होतं.”

“हो,” साहेब म्हणाले. “पण ताई आणखी कुणाला सांगतेय का, ते कळायला हवं होतं. सोमवारच्या आधी. मी भला माणूस आहे असं तुम्हाला टीव्हीने सांगितलं, बाई. मी नाही सांगितलं.”

ते तिच्या बाजूने पुढे गेले आणि खुर्चीसमोर थांबले.

“कॉफी अर्धी टाकून गेलास,” हर्मीन म्हणाली.

“दिनदर्शिका वाचली, ताई.”

म्हातारीने डोळे मिटले. अडतीस वर्षांचं कोडं तिला एका वाक्यात सुटलं. “अरे वेड्या. मग विचारायचंस की.”

“काय विचारू? मी कोण म्हणून? तेव्हापासून मी पाच मे, पाच मे करत गावभर ओरडतोय. जितकं जोरात ओरडावं तितकं आत पोकळ वाजतं.” ते गवतावर गुडघे टेकून बसले. “आता सांग. मी कुणाचा?”

“तुला ते सोसणार नाही.”

“सांग.”

तिने सांगितलं. दोन मेच्या दुपारी एक बाई दुकानाच्या मागच्या दाराशी आली होती. शहराकडून पायी, बाबागाडी ढकलत. शहरातून असे शेकडो अन्न शोधत येत होते. बापाच्या कोठीत बटाट्यांची पोती होती, वाटाणे होते. सोनं घेऊन येणाऱ्याला तो द्यायचा. त्या बाईने बोटातली अंगठी काढून पुढे केली. आत आई कळा देत होती. बाप म्हणाला, एवढ्याशा अंगठीला काही मिळत नाही, आणि दार लावून घेतलं.

“सकाळी ती भिंतीला टेकून बसलेली होती. गेलेली. बाबागाडीत तू होतास. ओरडत होतास.” हर्मीनने त्यांच्या डोक्यावर हात ठेवला. “बापाने तिला हातगाडीवरून नेलं. कुठे, ते मला कधी कळलं नाही. दोन दिवस तू बाबागाडीतच, कोठीत होतास. आपला एव्हर्ट गेल्यावर त्याने तुला आईजवळ घेतलं. तीन दिवसांनी तुला हातावर घेऊन फोटो काढला. ते वाक्यही त्यानेच लिहिलं, दुकानावरचं.”

साहेबांनी ते वाक्य आयुष्यभर किती हजार वेळा म्हटलं असेल, कोण जाणे. आता त्यांचे ओठ हलले, पण ते त्यांना म्हणता आलं नाही.

डबा त्यांनीच खाली ठेवला. टूनिसने माती लोटली. गवताचा तुकडा परत नीट बसला, जणू काही उचललाच नव्हता. हर्मीन मोठ्याने म्हणाली, “एव्हर्ट वेसलिंक,” आणि ती कुणाकडे बघून म्हणतेय, हे आता सगळ्यांना कळत होतं.

फाटकाशी साहेबांनी नेलेकेला गाठलं. “उद्याच्या पेपरात जागा आहे?”

“आहे.”

“निधनवार्ता. लिहून घ्या.”

तिने वही काढली. “नाव?”

“नाव कुणी विचारलं नव्हतं. तसंच लिहा. ‘एक बाई. मे १९४५. वेस्टरमेरच्या वेसलिंक दुकानातून ती रिकाम्या हाताने गेली.’”

नेलेकेने पेन थांबवलं. हे छापून आलं की सोमवारचं काही उरत नाही : दिवे नाहीत, काचेची फरशी नाही, पिशवीवरचा फोटो नाही. तिने त्यांच्याकडे पाहिलं. त्यांनी फक्त होकारार्थी मान हलवली.

“आणि खाली? कुणाकडून?”

“मुलाकडून.”

“नाव काय घालू?”

ते सायकलवर बसता बसता थांबले. “तिने ठेवलं होतं ते,” एवढंच म्हणाले आणि निघून गेले.

दुपारी चार वाजता पान लागलं. चौकट तयार होती, शेवटची ओळ कोरी. नेलेकेने एकदा नियम मोडला होता, पुन्हा मोडणार नव्हती. तिने फोन उचलून साहेबांचा नंबर फिरवला. पलीकडे घंटा वाजली, कुणी तरी उचलला, श्वास ऐकू आला.

“पेपरच्या कचेरीतून नेलेके पोस्तमा,” ती म्हणाली. “एका निधनवार्तेची खात्री करायची होती. कोण बोलतंय?”

ती वाट बघत राहिली. पलीकडून बराच वेळ कुणीच काही बोललं नाही.